आधी ठेका

चि. लेकीस,
अनेक आशीर्वाद.

तुझ्या गोष्टीचं बाड वाचून झालं. गोदाकाठची ती गाणारी माणसं, त्यांची ‘कालगायकी’, तिच्यामुळे उलटी वाहणारी नदी, मावळायचा थांबलेला सूर्य. शेवटच्या पानावर तू पेन्सिलीने खरडलंयस, ‘एवढं सगळं घडतं, तरी काहीच घडल्यासारखं का वाटत नाही?’ ते वाचून जीव कळवळला. छान लिहितेस वगैरे सांगत बसत नाही, ते तुला ठाऊक आहे. तबलजी गाण्याखाली अखंड धरतो तो ठेका तुझ्या गोष्टीत नाही. एवढंच दुखणं आहे.

तिसरं प्रकरण घे. नायिका रामकुंडावर उभी राहते, तान घेते आणि पूर थांबतो. अगं, कुठे थांबतो? आपल्या नाशकात पूर गोदापात्रातल्या दुतोंड्या मारुतीच्या मूर्तीवर मोजतात. पाणी त्याच्या गुडघ्याला लागलं, कमरेला लागलं, की सराफ बाजारात आणि भांडी बाजारात माल हलवायची गडबड सुरू होते. नारोशंकराच्या देवळातल्या घंटेपर्यंत चढलं तर मग बोलायलाच नको. तेव्हा आधी पाणी कमरेवरून छातीवर चढू दे. आता गळा, हे वाचकाने मनात म्हणू दे. मग घे तुझी तान. चढणारं पाणी हा ठेका आहे. तो धरल्याशिवाय थांबवलंस काय आणि वाहवलंस काय, सारखंच.

विलंबित एकताल तू माझ्याकडेच शिकलीस. मात्रा, म्हणजे ठोके, १२. अतिविलंबितात, अगदी संथ लयीत, त्या बारांचं एक आवर्तन मिनिटभर चालतं. त्या मिनिटात गवई हवा तिकडे हिंडून येतो आणि ऐकणाऱ्याला घड्याळ थबकल्यासारखं वाटतं. कशामुळे? शेजारी कुणीतरी ‘धिं धिं धागे तिरकिट’ निमूट धरून बसलेलं असतं म्हणून. तीनतालात समेपासून, म्हणजे पहिल्या मात्रेपासून, उचललेली तिहाई आठव: ५ मात्रांचा तुकडा तीनदा, मधे एकेका मात्रेची जागा दोनदा. झाल्या १७, आणि सतरावी म्हणजे पुढची सम. टाळी तिथे पडते. पण ज्याच्या मनात १६ मात्रा चालूच नाहीत, त्याला सम आली हे कळणार कसं? तुझ्या वाचकाचं तेच झालंय. आधी ठेका, मग काय हवा तो चमत्कार कर.

ते ४३२ हर्ट्झच्या जादुई सुराचं प्रकरण आधी काढून टाक. कुठून उचललंस कोण जाणे. नियम हवा असेल तर घरातलाच घे. भैरव थाटातला, म्हणजे त्या सात स्वरांच्या संचातला, शुद्ध मध्यम तीव्र कर, बाकीचे सहा स्वर तसेच ठेव. पूर्वी थाट होतो. भैरव पहाटेचा, पूर्वी संध्याकाळचा. संगीतशास्त्रकार भातखंड्यांनी रागसमयाची, म्हणजे कुठला राग कधी गायचा याची, जी चौकट मांडली, तिच्यात या मध्यमाला फार मान आहे. तुझ्या जगात तो एक स्वर बदलला की खरोखर दिवस मावळू दे. मग विचार: दिवसरात्रीचे प्रहर ८, त्यातले मधले नायिकेने गिळले, तर ते कुणाच्या आयुष्यातून गेले? हा हिशेब सांभाळ. तोही ठेकाच.

तानसेनाने दीपक गायला आणि दिवे लागले, ही दंतकथा सगळे सांगतात. नुसते दिवेच लागले असते तर ती कधीच विझली असती. गाणाऱ्याचा देह पोळला आणि तो दाह मल्हारानेच शमला, म्हणून आजवर सांगतात. दिवा लागला की अंग तापणार, हे त्या गोष्टीचं गणित पक्कं आहे.

तू म्हणशील, सर तबलजी, त्यांना सगळीकडे ठेकाच दिसणार. दिसणारच! ऐन उमेदीत लोक म्हणायचे, हात एवढा तयार, सोलो का नाही वाजवत? मी साथीलाच बसलो. एका ध्वनिफितीवर गवयाचं नाव छापलं, मागे तंबोऱ्यावर बसलेल्या शिष्यांचीसुद्धा छापली, माझं तेवढं राहिलं. अजून खुपतं. रात्री कधी वाटतं, सोलो वाजवायला हवा होता. सकाळी रियाजाला बसलो की तसं वाटत नाही. तो गवई भटकून परतला तेव्हा सम जागेवर होती ना? ती मी राखली होती. आणि तुझ्या बाडात गाणारे ढीगभर, पण तबलजी एक नाही! माझ्याकडे शिकून!

नायिकेच्या उजव्या हाताला एक तबलजी बसव. त्याला नाव दे, वय दे, थोडा तिरसट झाला तरी चालेल. नदी उलटी फिरते तेव्हा त्याचे हात काय करत असतात, ते लिही. आणि त्याला पुरात वाहून जाऊ देऊ नकोस. गोष्ट अडली की साथीदाराला मारायचं, ही तुम्हा पोरांची खोड मला माहीत आहे. आधी तिसरं प्रकरण लिही, बाकीचं मागाहून. गुरुवारी क्लास सुटल्यावर थांब, पोरं गेली की वाचू.

तुझे,
सर