वाचकांचे प्रश्न : दुभंगलेली अमेरिका समजून घेताना काय वाचावं?

अमेरिकेतलं राजकीय ध्रुवीकरण आणि समाजातली फूट यांवरच्या पुस्तकांबद्दल आलेले प्रश्न या वेळी एकत्र घेतले आहेत.

प्रश्न : अमेरिकेच्या राजकारणाची मला फारशी पार्श्वभूमी नाही. सुरुवात कोणत्या पुस्तकापासून करू?

एझ्रा क्लाइन यांच्या ‘व्हाय वी आर पोलराइज्ड’ (२०२०) पासून. पण त्याआधी चार गोष्टी डोक्यात पक्क्या करा. प्रतिनिधिगृहात ४३५ जागा, मुदत दोन वर्षं. सिनेटमध्ये १०० जागा, राज्य लहान असो वा मोठं, प्रत्येकी दोन, मुदत सहा वर्षं. सिनेटमध्ये बहुतेक विधेयकांवरची चर्चा संपवून मतदानाला यायचं तर ६० मतं लागतात, म्हणजे साधं बहुमत पुरत नाही. आणि चौथी, सगळ्यात महत्त्वाची : तिथे तिकीट पक्षश्रेष्ठी वाटत नाहीत. पक्षाचा उमेदवार प्रायमरीत, मतदारांच्या मतांनी ठरतो. प्रायमरीला मतदान कमी होतं आणि जे येतात ते बहुधा कट्टर असतात. त्यामुळे सुरक्षित मतदारसंघातल्या सदस्याला समोरच्या पक्षापेक्षा आपल्याच पक्षातल्या आव्हानवीराची धास्ती जास्त. हे ठाऊक नसेल तर पुढची सगळी पुस्तकं कोड्यात टाकतात.

क्लाइन एका विसरलेल्या तक्रारीची आठवण करून देतात. १९५० साली अमेरिकेतल्या राज्यशास्त्रज्ञांच्या संघटनेनं अहवाल काढला होता की दोन्ही पक्ष इतके सारखे आहेत की मतदाराला खरी निवडच उरत नाही. पुढे वंशभेदाला बंदी घालणारा १९६४ चा नागरी हक्क कायदा झाला आणि दक्षिणेतले सनातनी गोरे मतदार काही दशकांत डेमोक्रॅटिक पक्षाकडून रिपब्लिकन पक्षाकडे सरकले. ईशान्येकडचे उदारमतवादी रिपब्लिकन उलट दिशेनं गेले. आता वंश, धर्म, शहर-खेडं आणि पक्ष या सगळ्या ओळखी एकावर एक बसल्या आहेत. हा भाग पुस्तकाचा प्राण आहे. उपायांबद्दलचा शेवट त्या मानानं पातळ वाटतो.

त्यानंतर लिलियाना मेसन यांचं ‘अनसिव्हिल अग्रीमेंट’ (२०१८). सुरुवात ओक्लाहोमातल्या १९५४ च्या एका शिबिराची आहे : अकरा-बारा वर्षांची २२ मुलं, दोन गट, ‘रॅटलर्स’ आणि ‘ईगल्स’. मुलं सगळी एकाच मुशीतली, तरी स्पर्धा लावताच वैर पेटलं. मेसन यांचं म्हणणं असं की धोरणांवर बऱ्यापैकी एकमत असूनही माणसं एकमेकांचा तिरस्कार करू शकतात. आलेख पुष्कळ आहेत. प्रत्येक आलेखाचा उभा अक्ष शून्यापासून सुरू होतो की मधूनच, ते आधी बघा.

प्रश्न : राज्यशास्त्रज्ञ मॉरिस फिओरिना म्हणतात, अमेरिकन जनता दुभंगलेलीच नाही. दुसरे राज्यशास्त्रज्ञ अ‍ॅलन अब्रामोविट्झ म्हणतात, मधल्या मतांची माणसं नाहीशी होताहेत. दोघेही आकडे देतात. मग खरं कोणाचं?

समजा १०० मतदार आहेत. बंदुकांवर कडक बंधनं हवीत असं म्हणणारे ५०, नकोत म्हणणारे ५०. दोन पक्ष, प्रत्येकी ५० समर्थक. आधी दोन्ही पक्षांत २५-२५ अशी विभागणी होती. काही वर्षांनी पहिल्या पक्षात ४५ जण बंधनांच्या बाजूचे आणि ५ विरोधातले, दुसऱ्या पक्षात नेमकं उलट. एकूण जनतेचं मत तसूभरही हललं नाही, अजून ५०-५० च आहे. पण पक्षांमधलं अंतर प्रचंड वाढलं. फिओरिना अशा बदलाला छाननी (सॉर्टिंग, म्हणजे माणसं आपापल्या मताच्या पक्षात जाऊन बसणं) म्हणतात आणि तिला ध्रुवीकरण म्हणायला नकार देतात. अब्रामोविट्झ ‘द डिसअपिअरिंग सेंटर’ (२०१०) मध्ये नजर वळवतात ती राजकारणात रस घेणाऱ्या, नेमानं मतदान करणाऱ्या लोकांकडे. तिथे मधली माणसं खरोखर कमी झाली आहेत, आणि निवडणुका तीच माणसं ठरवतात.

म्हणजे भांडण बरंचसं ‘मोजायचं कोणाला’ यावर आहे. म्हणून कुठलाही तक्ता वाचताना समासात लिहून ठेवा : सगळे प्रौढ, नोंदणी केलेले मतदार, कार्यकर्ते, की निवडून आलेले सदस्य? ही नोंद न ठेवता दोन पुस्तकं शेजारी ठेवली की ती एकमेकांना खोडून काढतात असं उगाच वाटतं. आमचा कौल फिओरिनांच्या व्याख्येला, पण परिणामांच्या बाबतीत अब्रामोविट्झना. छाननी झालेल्या पक्षांत तडजोड करणारा माणूस एकटा पडतो, आणि कायदे अडतात ते त्यामुळे. याच वादाचं पुढचं पाऊल म्हणजे यान्ना क्रुप्निकोव्ह आणि जॉन बॅरी रायन यांचं ‘द अदर डिव्हाइड’ (२०२२). त्यांच्या मते मोठी दरी डावे-उजवे यांच्यात कमी आणि राजकारणात बुडालेले व त्यापासून लांब राहणारे यांच्यात जास्त आहे.

बिल बिशप यांचं ‘द बिग सॉर्ट’ (२००८) वाचत असाल तर एक सावधगिरी. अध्यक्षपदाच्या निवडणुकीत एका पक्षाला २० टक्क्यांहून जास्त आघाडी देणाऱ्या काउंट्यांत (म्हणजे साधारण आपल्याकडचे जिल्हे) १९७६ साली देशातले साधारण एक चतुर्थांश मतदार राहत होते, २००४ साली जवळपास निम्मे. आकडा लक्ष वेधतो, पण अध्यक्षपदाचं मत उमेदवारावरही अवलंबून असतं. मतदारांची पक्षनोंदणी पाहिली तर चित्र इतकं ठळक राहत नाही, असा आक्षेप फिओरिना आणि त्यांच्या सहकाऱ्यानं पुढे घेतला.

प्रश्न : ध्रुवीकरण मोजतात तरी कसं? ‘वैर इतकं वाढलं’ असे आकडे वाचताना कशावर विश्वास ठेवावा?

तीन मापं सारखी भेटतील.

पहिलं काँग्रेसच्या, म्हणजे अमेरिकी संसदेच्या, सदस्यांच्या मतदानाचं, ‘डीडब्ल्यू-नॉमिनेट’. कीथ पूल आणि हॉवर्ड रोझेन्थाल यांनी ते घडवलं. कोण कोणाबरोबर मतदान करतो यावरून प्रत्येक सदस्याला साधारण उणे एक ते अधिक एक यांमधला गुण मिळतो. नोलन मॅकार्टी यांच्यासह त्यांनी लिहिलेलं ‘पोलराइज्ड अमेरिका’ (२००६) यावर उभं आहे. हे माप दोन ठिकाणी चकवतं. मतदानाला जे विधेयक आलंच नाही ते त्याला दिसत नाही, आणि आपल्याच पक्षात फूट पाडणारं विधेयक नेते सहसा पटलावर येऊ देत नाहीत. दुसरं, एखादा अगदी डावा सदस्य ‘हे विधेयक फारच मिळमिळीत आहे’ म्हणून विरोधात गेला, तर त्याचं मत उजव्यांच्या मतांशेजारी पडतं आणि तो कागदावर मवाळ दिसू लागतो.

म्हणून या पुस्तकाच्या जोडीला फ्रान्सिस ली यांचं ‘इनसिक्युअर मेजॉरिटीज’ (२०१६) हवंच. १९५५ पासून १९९५ च्या सुरुवातीपर्यंत, सलग ४० वर्षं, प्रतिनिधिगृह डेमोक्रॅटांच्या हाती होतं. रिपब्लिकनांना सत्तेची आशाच नव्हती, तेव्हा मिळेल तेवढं पदरात पाडून घेण्यासाठी ते सहकार्य करत. १९८० पासून चित्र हळूहळू पालटत गेलं आणि बहुमत दोघांच्याही आवाक्यात येऊ लागलं. अशा वेळी समोरच्याच्या विधेयकाला हातभार लावणं म्हणजे त्याला प्रचाराचा मुद्दा देणं. याचा अर्थ विरोधातलं प्रत्येक मत विचारसरणीतून आलेलं नसतं, बरीचशी मतं पुढच्या निवडणुकीवर डोळा ठेवून दिलेली असतात. या विषयावरच्या पुस्तकांत हे सगळ्यात कमी वाचलं जाणारं आणि सगळ्यात उपयोगी पुस्तक आहे.

दुसरं माप ‘भावनांचा थर्मामीटर’. राष्ट्रीय निवडणूक अभ्यासात लोकांना विचारतात : या पक्षाबद्दल तुम्हाला ० ते १०० पैकी किती आपुलकी वाटते? ५० म्हणजे ना आपलं ना परकं. विरोधी पक्षाला १९७० च्या दशकाच्या अखेरीस सरासरी पन्नाशीच्या जवळपास गुण मिळत. २०२० पर्यंत ते २० च्या आसपास आले. आपल्या पक्षाबद्दलचा आकडा मात्र तितका हललेला नाही, म्हणजे वाढली ती परकेपणाची धार. इथे गफलत अशी की ‘पक्ष’ म्हटल्यावर उत्तर देणाऱ्याच्या डोळ्यांसमोर टीव्हीवरचे नेते येतात. शेजारच्या घरातल्या त्याच पक्षाच्या मतदाराबद्दल विचारलं तर राग कमी निघतो.

तिसरं माप लग्नाचं. मुलानं किंवा मुलीनं दुसऱ्या पक्षाच्या माणसाशी लग्न केलं तर वाईट वाटेल असं म्हणणारे १९६० साली पाच टक्क्यांच्या आसपास होते. २०१० साली रिपब्लिकनांत ४९ आणि डेमोक्रॅटांत ३३ टक्के. मात्र दोन्ही वेळच्या प्रश्नाची शब्दरचना एकसारखी नव्हती. शिवाय पुढच्या प्रयोगांत ‘जावई किंवा सून राजकारणावर फारसं बोलत नाही’ एवढं सांगितलं की नाराजी बरीच उतरली. लोकांना विरोधी मताइतकाच जेवणाच्या टेबलावरचा वादही नकोसा असतो.

प्रश्न : लुइझियाना आणि विस्कॉन्सिनमधल्या लोकांवरची पुस्तकं वाचली. मोजक्या माणसांच्या बोलण्यावरून देशाबद्दल निष्कर्ष काढता येतो का?

देशाबद्दल नाही, पण लोक कसा विचार करतात याबद्दल नक्की येतो. कॅथरीन क्रेमर या विस्कॉन्सिनची राजधानी मॅडिसन इथल्या विद्यापीठातल्या प्राध्यापक. २००७ पासून त्या विस्कॉन्सिनमधल्या गावोगावी, पेट्रोलपंपावर, खानावळीत रोज सकाळी जमणाऱ्या कॉफीच्या अड्ड्यांवर जाऊन बसल्या. ‘द पॉलिटिक्स ऑफ रिझेन्टमेंट’ (२०१६) मध्ये खेड्यांच्या तीन तक्रारी पुन्हा पुन्हा येतात : निर्णय मॅडिसन आणि मिलवॉकीत होतात, पैसा तिकडेच जातो, आणि आमच्या जगण्याला कोणी मान देत नाही. क्रेमर यांनी पैशाचे आकडे तपासले तेव्हा खेड्यांना दरडोई कमी मिळतं असं सरळ दिसलं नाही. पण अड्ड्यावरच्या माणसाला खेड्यातली बंद पडलेली शाळा दिसते, आणि निवृत्तिवेतन मिळवणारा शिक्षक गावात सुस्थितीतला वाटतो. २०११ साली गव्हर्नर स्कॉट वॉकर यांनी सरकारी कर्मचाऱ्यांच्या सामुदायिक वाटाघाटीच्या हक्काला कात्री लावली, तेव्हा त्याला पाठिंबा कुठून मिळाला ते इथे उलगडतं.

आर्ली हॉकशिल्ड यांचं ‘स्ट्रेंजर्स इन देअर ओन लँड’ (२०१६) लुइझियानातल्या लेक चार्ल्स परिसरातल्या पाच वर्षांच्या कामावर आधारलेलं आहे. त्यातला एक पाइप फिटर कंपनीच्या हुकमावरून विषारी कचरा खाडीत ओतत असे. पुढे नोकरी गेली. मासे खाऊ नका असा इशारा निघाला, तेव्हा चिडलेल्या मच्छीमारांच्या सभेत हा माणूस ‘कचरा ओतणारा मीच’ अशा अर्थाची पाटी घेऊन उभा राहिला. आणि तरीही तो सरकारी नियंत्रणाच्या विरोधात, टी पार्टी या कर आणि सरकारी खर्चाला विरोध करणाऱ्या उजव्या चळवळीच्या बाजूला. हा पेच लेखिका शेवटपर्यंत सोडत नाहीत. ‘आपण रांगेत उभे आहोत आणि पुढे कोणीतरी घुसतंय’ ही त्यांची गाजलेली ‘खोल कथा’ मात्र त्यांनी स्वतः रचलेली आहे. ती लोकांना वाचून दाखवली आणि लोकांनी मान डोलावली. हा पुरावा आहे, पण मवाळ. शिवाय माणसं निवडली तीच टी पार्टीची.

‘हिलबिली एलेजी’ (२०१६) या दोन्हींच्या पंक्तीला बसवू नका. ते जे. डी. व्हान्स यांचं आत्मकथन आहे, एका कुटुंबापुरतं.

प्रश्न : फुटीचं मूळ वंश की आर्थिक विषमता?

हेदर मॅगी यांचं ‘द सम ऑफ अस’ (२०२१) या दोन्ही गोष्टी एकत्र बांधतं. अलाबामातल्या माँटगोमेरीत कृष्णवर्णीयांनी उद्यानं सर्वांना खुली व्हावीत म्हणून न्यायालयात धाव घेतली, तर शहरानं १ जानेवारी १९५९ पासून सगळी उद्यानंच बंद केली. ओक पार्कचा पोहण्याचा तलाव बुजवला, प्राणिसंग्रहालयातले प्राणीही विकले. तलाव गोऱ्या मुलांचाही गेला. सार्वजनिक सोयी ‘त्यांनाही’ मिळणार म्हटल्यावर त्यांच्यावरचा खर्चच नकोसा होणं, हा धागा मॅगी आरोग्यविमा आणि महाविद्यालयीन शुल्कापर्यंत नेतात. काही ठिकाणी एकाच कारणावर जास्त भार पडतो, पण वाचावंच असं पुस्तक.

प्रश्न : दुसरी बाजू ऐकली की माणूस निवळतो, असं म्हणतात. समाजमाध्यमांवरचं कोणतं पुस्तक याबद्दल सांगतं?

क्रिस बेल यांचं ‘ब्रेकिंग द सोशल मीडिया प्रिझम’ (२०२१). त्यांच्या गटानं ट्विटर वापरणाऱ्यांना ११ डॉलर देऊन महिनाभर एका स्वयंचलित खात्याचा पाठपुरावा करायला लावला. ते खातं रोज विरोधी बाजूचे २४ संदेश पुढे ढकलत असे. रिपब्लिकन महिन्याअखेर आधीपेक्षा ठळकपणे जास्त उजवे झाले. डेमोक्रॅट किंचित डावीकडे सरकले, पण तो फरक संख्याशास्त्राच्या कसोटीला टिकला नाही. यावरून ‘संवाद करूच नये’ असं ठरवू नका. समोर आले ते नेत्यांचे, संघटनांचे, माध्यमांचे संदेश. ओळखीच्या माणसाशी निवांत बोलणं ही वेगळी गोष्ट.

एक चूक अनेकांच्या लिखाणात सापडते : १९८७ साली ‘फेअरनेस डॉक्ट्रिन’ (वादाच्या विषयांवर दोन्ही बाजू मांडायला लावणारा नियम) रद्द झाली म्हणून फॉक्स न्यूज जन्मली. तो नियम सार्वजनिक लहरींवरच्या रेडिओ-टीव्हीसाठी होता. १९९६ साली सुरू झालेली फॉक्स न्यूज केबलवरची. रेडिओवरच्या एकतर्फी कार्यक्रमांबद्दल मात्र हा मुद्दा लागू पडतो.

प्रश्न : ‘हाऊ डेमोक्रसीज डाय’ म्हणतं, कायदा न मोडताही लोकशाही खिळखिळी होते. ते कसं?

स्टीव्हन लेव्हिट्स्की आणि डॅनिएल झिब्लाट (२०१८) दोन अलिखित संकेत सांगतात : विरोधकाला शत्रू न मानणं आणि हातात अधिकार असूनही तो शेवटच्या टोकापर्यंत न ताणणं. फेब्रुवारी २०१६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती स्कालिया वारले. त्या जागी ओबामांनी मार्चमध्ये मेरिक गारलँड यांचं नाव दिलं; अशा नावाला सिनेटची मंजुरी लागते. निवडणुकीचं वर्ष आहे म्हणून रिपब्लिकन सिनेटनं सुनावणीच घेतली नाही. पुस्तकानंतरचा पुढचा अंक : न्यायमूर्ती गिन्सबर्ग १८ सप्टेंबर २०२० ला वारल्या आणि निवडणूक तोंडावर असताना, २६ ऑक्टोबरला, रिपब्लिकन बहुमताच्याच सिनेटमध्ये एमी कोनी बॅरेट यांची नेमणूक ५२ विरुद्ध ४८ मतांनी पक्की झाली. दोन्ही वेळा घटनेचं एकही कलम मोडलं नाही.

प्रश्न : आमच्या वाचनगटाला चार महिने आहेत. चारच पुस्तकं निवडायची तर?

क्लाइन, क्रेमर, फ्रान्सिस ली आणि ली ड्रुटमन यांचं ‘ब्रेकिंग द टू-पार्टी डूम लूप’ (२०२०). ड्रुटमन उपाय मांडतात : अनेक पक्ष आणि प्रमाणशीर प्रतिनिधित्व, म्हणजे मतांच्या प्रमाणात जागा. त्यासाठी घटनादुरुस्ती लागत नाही. प्रतिनिधिगृहासाठी एका मतदारसंघातून एकच सदस्य हे बंधन १९६७ च्या साध्या कायद्यानं घातलेलं आहे. मात्र तो कायदा बदलायचा आहे त्याच सभागृहाला, जिथले सगळे याच पद्धतीनं निवडून आलेत, आणि या अडचणीला पुस्तक पुरेसं भिडत नाही. चर्चेत तिथेच वेळ द्या. क्रेमर दुसऱ्या महिन्यात ठेवा, पहिल्या नको. पक्षांची छाननी कशी झाली हे क्लाइनकडून कळलेलं असलं की अड्ड्यावरची बोलणी नीट ऐकू येतात. प्रत्येक पुस्तकाचं क्षेत्रकार्य कोणत्या वर्षी संपलं ते पहिल्याच बैठकीत फळ्यावर लिहा. क्रेमर यांच्या अड्ड्यांवरची बोलणी ट्रम्प यांच्या उमेदवारीच्या आधीची आहेत.