'खोटी फिट' म्हणावे का?

रुग्णांसाठीच्या एका माहितीपत्रकाचे भाषांतर करणाऱ्या वाचकाने विचारले आहे की 'सायकोजेनिक नॉन-एपिलेप्टिक सीझर्स' (अपस्माराच्या, म्हणजे फेफऱ्याच्या, फिटसारख्या दिसणाऱ्या पण अपस्माराच्या नसलेल्या, मनोजन्य फिट) यांना मराठीत 'खोटी फिट' म्हणावे, 'आभासी झटके' म्हणावे, की मूळ शब्दच देवनागरीत ठेवावा.

मूळ शब्दाची अडचण गमतीची आहे: मराठी घरांत 'सिझर' म्हणजे पोटावर शस्त्रक्रिया करून झालेले बाळंतपण. 'झटका' विजेने आणि हृदयविकाराने आधीच अडवला आहे. 'फिट' मात्र आकडी-फेफऱ्यांइतकाच घरचा झाला आहे, तेव्हा नाम तेच ठेवावे. खरा प्रश्न विशेषणाचा आहे.

'खोटी' आणि 'आभासी' ही दोन्ही विशेषणे टाळावीत. अपस्मारात मेंदूच्या पेशींत विद्युत्क्रियेचा उद्रेक होतो, या फिटमध्ये तो होत नाही, आणि चित्रण व मेंदूचा आलेख एकाच वेळी घेणाऱ्या व्हिडिओ-ईईजी तपासणीत हा फरक दिसतो. मात्र उद्रेक नाही म्हणजे सोंग आहे, असे होत नाही. येथे मराठीचे व्याकरण आपल्या मदतीला येते. 'ती रडते' आणि 'तिला रडू येते' यांत जो फरक आहे, तोच येथेही आहे: झोप येते, हसू येते, मूर्च्छा येते, तशी 'तिला फिट येते', आणि त्या 'तिला'मध्येच ती कर्ती नसल्याचे सांगून झालेले असते. शेजारीण जेव्हा 'ती फिट आणते' म्हणते, तेव्हा 'येणे'चे 'आणणे' करून (सोंग आणणे, आव आणणे यांच्या पंगतीत बसवून) ती आरोपच करत असते. पत्रकात क्रियापद 'येणे' हेच हवे.

जुनी नावेही निर्दोष नव्हती. आयुर्वेदाच्या नंतरच्या ग्रंथांत 'योषापस्मार' भेटतो. योषा म्हणजे स्त्री. तिकडे 'हिस्टेरिया' ग्रीक भाषेतल्या गर्भाशयवाचक शब्दावरून आला. पॅरिसच्या साल्पेत्रिएर रुग्णालयात मज्जाविकारतज्ज्ञ शार्को यांनी एकोणिसाव्या शतकात पुरुष रुग्णांचेही वर्णन केले, तरी नाव गर्भाशयाचेच राहिले.

'अपस्मारेतर' हा शब्द बरोबर आहे, पण 'शिक्षकेतर कर्मचारी'सारखा तो काय नाही एवढेच सांगतो. 'कार्यात्मक' (इंग्रजी 'फंक्शनल'चे भाषांतर) वाचून रुग्णाला काहीच कळत नाही. मी 'मनोजन्य फिट' सुचवतो आणि पहिल्या उल्लेखात 'अपस्माराची नसलेली' अशी जोड देतो. 'मानसिक' मात्र नको, कारण तो ऐकताच लोक 'मनाचे खेळ' म्हणून मोकळे होतात.

उपचाराच्या परिच्छेदातही शब्द जपून वापरावेत. अपस्माराची औषधे या फिटवर चालत नाहीत. मात्र काही रुग्णांना दोन्ही प्रकारच्या फिट येतात, म्हणून 'औषध बंद करा' असे सरसकट लिहू नये. मुख्य उपचार मानसोपचाराचा आहे, पण 'त्याने फिट थांबतात' हे विधानही धाडसाचे ठरेल: २०२० मध्ये प्रसिद्ध झालेल्या, ब्रिटनमधील ३६८ रुग्णांच्या चाचणीत नेहमीच्या उपचारांना संज्ञानात्मक वर्तन उपचाराची (विचारांच्या आणि वागण्याच्या सवयी बदलण्यावर भर देणाऱ्या संवादातल्या उपचाराची) जोड दिल्यावर वर्षाअखेरीस फिटची संख्या, फक्त नेहमीचे उपचार घेणाऱ्यांच्या तुलनेत, लक्षणीय कमी झाली नव्हती, रोजच्या जगण्यातली अडचण मात्र कमी झाली होती. 'फिट आल्यास'खाली कांदा किंवा चप्पल हुंगवू नये, तोंडात चमचा घालू नये, हे स्पष्ट लिहावे.

पत्रकाचे पहिले वाक्य मी असे लिहीन: 'तुम्हाला येणाऱ्या फिट खऱ्या आहेत, त्या अपस्माराच्या नाहीत.' या वाक्यात 'पण' घालू नये, कारण 'पण' आला की पुढचे अर्धे वाक्य पहिल्या अर्ध्यावर शंका घेऊ लागते.