‘बहुसांस्कृतिक गायक’ आणि ‘छोटी कारकीर्द’

गायक माइक ब्रांट याच्यावरील लेखासाठी ‘फ्रेंच लोकप्रिय संगीतातील बहुसांस्कृतिक गायकाची छोटी कारकीर्द’ असे शीर्षक योजले तर ते योग्य ठरेल का, असा प्रश्न आला आहे.

व्याकरणाच्या दृष्टीने त्यात काहीच चूक नाही. खटकते ते ‘बहुसांस्कृतिक’ हे विशेषण. समाज, शहर किंवा शाळा यांना ते सहज शोभते, कारण तेथे अनेक संस्कृतींची माणसे एकत्र नांदत असतात. एकट्या माणसाला ते लावले, की नेमके काय म्हणायचे आहे ते कळेनासे होते. ब्रांटचे मूळ नाव मोशे ब्रांड. त्याचे आईवडील पोलंडमधील ज्यू, आई तर आउशवित्झच्या छळछावणीतून वाचलेली. त्याचा जन्म १९४७ साली सायप्रसमध्ये, ब्रिटिशांनी ज्यू निर्वासितांना अडवून ठेवलेल्या छावणीत झाला आणि बालपण हैफा शहरात गेले. १९६९ मध्ये तो तेहरानच्या एका हॉटेलात गात असताना सिल्वी वार्तान या गायिकेने (तीही जन्माने फ्रान्सची नव्हे, बल्गेरियाची) त्याला ऐकले आणि पॅरिसला येण्याचे सुचवले. पुढच्याच वर्षी झाँ रनार याने स्वरबद्ध केलेल्या ‘लेस-म्वा तेमे’ या गाण्याने त्याला प्रसिद्धी मिळवून दिली, पण तोवर त्याला फ्रेंच जेमतेम येत होते आणि शब्दांचे उच्चार पाठ करून तो गात असे. एवढा प्रवास एका विशेषणात कोंबण्यापेक्षा ‘फ्रेंचमध्ये गाणारा इस्रायली गायक’ असे लिहिणे मला अधिक प्रामाणिक वाटते. नुसते ‘फ्रेंच गायक’ मात्र टाळावे, कारण मराठीत ‘फ्रेंच’ हा शब्द राष्ट्रीयत्व आणि भाषा या दोहोंसाठी वापरला जातो आणि येथे त्यांपैकी भाषाच अभिप्रेत आहे.

‘कारकीर्द’ या शब्दाबद्दल शंका नको. मराठीत तो प्रामुख्याने राज्यकारभाराच्या काळासाठी रूढ होता आणि नंतर कलावंत व खेळाडूंनाही लागू लागला; काळ किती लांब असावा, अशी अट त्यात कधीच नव्हती. थोरल्या माधवरावांची अकरा वर्षांची कारकीर्द आपण याच शब्दाने गौरवतो. ब्रांटला जेमतेम पाच वर्षे मिळाली. २५ एप्रिल १९७५ रोजी पॅरिसमध्ये इमारतीवरून पडून त्याचा मृत्यू झाला, तेव्हा तो २८ वर्षांचा होता. म्हणून ‘छोटी’ऐवजी ‘अल्पायुषी’ हे विशेषण घ्यावे, असे सुचवतो. कारकिर्दीला ते लक्षणेने लागते आणि या गायकाला शब्दशः.

‘लोकप्रिय संगीत’ असे लिहिताना ‘लोकांना आवडलेले’ एवढाच अर्थ निघण्याचा धोका असतो, तेव्हा साधे ‘सुगम संगीत’ चालेल. एकूण शीर्षक असे करता येईल: ‘फ्रेंच सुगम संगीतातील एका इस्रायली गायकाची अल्पायुषी कारकीर्द’.