वाचकांचे प्रश्न : सेल्टिकने सोडलेला मुलगा

प्रश्न : स्कॉटलंडचा फुटबॉलपटू अँडी रॉबर्टसन याला सेल्टिक या ग्लासगोच्या मोठ्या क्लबने लहानपणीच सोडून दिलं होतं. मग तो एवढ्या वर कसा पोचला?

उत्तर : सेल्टिकने त्याला पंधराव्या वर्षी सोडलं, कारण अंगाने लहान. या वयात ही चूक फार होते : उशिरा वाढणारी मुलं उंचीवर मोजली जातात, खेळावर नाही. तो ग्लासगोच्या क्वीन्स पार्ककडे गेला. हा क्लब तेव्हा हौशी होता, खेळाडूंना पगार नसे. २०१२-१३ चा हंगाम तो स्कॉटलंडच्या चौथ्या श्रेणीत खेळला. आमच्या मते सगळं इथेच घडलं. मोठ्या क्लबच्या राखीव संघात बसण्याऐवजी अठराव्या वर्षी त्याला दर आठवड्याला प्रौढांशी भिडता आलं. डाव्या बचावपटूला नेमकं हेच लागतं : कधी पुढे धावायचं आणि चेंडू गेला की किती लवकर परतायचं, हे खऱ्या सामन्यातच कळतं.

पुढचं झपाट्याने झालं. २०१३ मध्ये डंडी युनायटेड, मार्च २०१४ मध्ये पोलंडविरुद्ध स्कॉटलंडकडून पदार्पण, त्याच उन्हाळ्यात इंग्लंडचा हल सिटी क्लब, २०१७ मध्ये लिव्हरपूल.