टीनएजमधला कंटाळा आणि मरणाबिरणाचं वेड यावर डार्क कॉमेडी शॉर्ट फिल्म कोणती बघावी?

टिम बर्टनची 'व्हिन्सेंट' बघा, १९८२ ची. यातला पोरगा टीनएजर नाही, सातच वर्षांचा आहे, पण तुम्ही विचारताय तो कंटाळा आणि ते वेड मला इतकं नेमकं दुसरीकडे कुठे दिसलं नाही. ब्लॅक अँड व्हाइट स्टॉप मोशन (म्हणजे बाहुल्या थोड्याथोड्या हलवून एकेक फ्रेम टिपत केलेलं ॲनिमेशन), जेमतेम सहा मिनिटं, आणि सगळी गोष्ट कवितेत, जी वाचलीय खुद्द व्हिन्सेंट प्राइसने, म्हणजे हॉररवाला जो नट ह्या पोराला व्हायचंय त्यानेच! घरी आलेल्या मावशीला मेणात बुडवायची स्वप्नं, कुत्र्याचा झोंबी करायचे प्रयोग, भयकथा लिहिणारा एडगर ॲलन पो वाचून वाचून डोक्यात भलतंच काहीतरी. सगळ्यात भारी सीन म्हणजे, कल्पनेतल्या बायकोला जिवंत पुरलंय असं वाटून हा कबर उकरायला जातो आणि उकरून ठेवतो काय तर आईचा फुलांचा वाफा, मग आई खोलीत पाठवून देते. नंतर तीच येऊन म्हणते बाहेर ऊन पडलंय, जा खेळ, पण ह्याच्या तोंडून शब्दच फुटत नाही, तिथे हसता हसता माझ्या पोटात खड्डा पडतो. आणि हो, बर्टन तेव्हा डिस्नेत नोकरीला होता, तिथेच केलीय ही!