बुशसाठी आठ हजार नाहीत, विम्याच्या हप्त्यासाठी शहाण्णव हजार आहेत

नाशिकच्या पाथर्डी फाटा परिसरातील एका वाचकांनी पत्र लिहिले आहे. त्यांचे वय 39 असून ते अंबडच्या औद्योगिक वसाहतीत नोकरी करतात आणि त्यांच्या हातात महिन्याला 62,000 रुपये पडतात. घरात पत्नी, 11 आणि 6 वर्षांची दोन मुले आणि आई असून घरखर्च 45,000 रुपयांच्या आसपास आहे. त्यांची 2014 ची पेट्रोल हॅचबॅक 98,000 किलोमीटर चालली आहे. ते लिहितात: "गतिरोधकावरून जाताना पुढच्या बाजूने खट्-खट् आवाज येतो, ब्रेक मारला की गाडी डावीकडे ओढते आणि पुढचा डावा टायर आतल्या कडेने झिजला आहे. महिन्यातून एकदा आम्ही सगळे दिंडोरी-वणीमार्गे कळवणला गावी जातो. गॅरेजवाल्याने लोअर आर्मचे बुश गेल्याचे सांगून 7,800 रुपये खर्च सांगितला, तर अधिकृत सर्व्हिस सेंटरने 26,000 रुपये. शोरूमवाले म्हणतात, जुन्या गाडीवर खर्च करू नका, सवा लाखात एक्स्चेंज देतो. नवी गाडी साडेआठ लाखांना पडते, पैकी सात लाखांचे कर्ज सात वर्षांसाठी मिळेल. आमच्याकडे झिरो डेप आहे, त्यात बुशचा क्लेम होईल का? या महिन्यात आयुर्विम्याचा 96,000 चा हप्ता आहे. त्यासाठी खात्यात लाखभर रुपये राखून ठेवले आहेत, त्यामुळे दुरुस्तीला पैसे काढता येत नाहीत. मागच्या वर्षी हप्ता क्रेडिट कार्डावर भरून बारा महिन्यांचा ईएमआय करून घ्यावा लागला होता, त्याचा शेवटचा हप्ता आता जाईल. दुरुस्ती दोन-तीन महिने पुढे ढकलावी की नवी गाडीच घ्यावी?"

गाडीच्या प्रश्नाचे उत्तर लांबवण्याचे कारण नाही. दुरुस्ती याच आठवड्यात करून घ्या, आणि गॅरेजमध्येच करून घ्या. बुश म्हणजे धातूच्या दोन नळ्यांमध्ये पक्के बसवलेले रबर असते. चाकाला जागेवर धरणारा लोअर आर्म त्या रबराच्या आधारे गाडीच्या सांगाड्याला जोडलेला असतो. उष्णतेने, खड्ड्यांच्या माराने आणि वयाने ते रबर कडक होऊन फाटले की ब्रेक मारताना आर्म मागेपुढे सरकतो, चाकाचा कोन बदलतो, गाडी एका बाजूला ओढते आणि टायर एका कडेने झिजतो. तुम्ही सांगितलेली तिन्ही लक्षणे याच्याशी जुळतात. मात्र लिफ्टवर गाडी घेऊन, टॉमी (लोखंडी पहार) लावून, बुश किती हलतो आणि आर्मला चाकाशी जोडणाऱ्या बॉल जॉइंटमध्ये प्ले (ढिलेपणा) आहे का, हे स्वतः उभे राहून पाहा. फाटलेल्या बुशने गाडी ओढते आणि टायर खाते, पण बॉल जॉइंट निसटला तर चाकच वाकडे होऊन गाडी जागेवर बसते. कळवणच्या वाटेवर मुले आणि आई मागे बसलेली असताना ही जोखीम घेण्याजोगी नाही, आणि म्हणूनच दोन-तीन महिने थांबण्याचा पर्याय माझ्या मते नाहीच.

सर्व्हिस सेंटरच्या 26,000 मध्ये तुम्ही पाठवलेल्या अंदाजपत्रकानुसार दोन्ही शॉकअप आणि त्यांचे माउंटही आहेत. शॉकअपमधून तेल गळत नसेल आणि पुढचा कोपरा दाबून सोडल्यावर गाडी एकदा वर येऊन स्थिर होत असेल, तर आज शॉकअप बदलण्याची गरज नाही. गॅरेजच्या 7,800 मध्ये दोन लोअर आर्म 4,600, दोन लिंक रॉड 1,200, मजुरी 1,500 आणि अलाइनमेंट 500 असा हिशेब आहे, तो वाजवी आहे. 98,000 किलोमीटरनंतर बॉल जॉइंटही तितकाच जुना झालेला असतो, म्हणून नुसते बुश प्रेस करून घेण्यापेक्षा बुश आणि बॉल जॉइंटसह पूर्ण आर्म दोन्ही बाजूंना बदलणे मला पटते. मेकॅनिकला एक गोष्ट आवर्जून सांगा: आर्मचे बोल्ट शेवटचे आवळताना गाडीचे वजन चाकांवर असले पाहिजे. चाके लोंबकळत असताना बोल्ट आवळले तर रबर पिळलेल्या अवस्थेत अडकते आणि नवे बुश लवकर फाटते. झिजलेला टायर 1.6 मिलिमीटरच्या खुणेपर्यंत आला असेल तर पुढचे दोन्ही टायर बदला. त्याचे नऊ हजार धरा, म्हणजे सगळे मिळून सतरा हजार होतील.

झिरो डेपची आशा सोडून द्या. अपघातात बदललेल्या भागांवरील घसारा न कापणे एवढेच त्या जोडणीचे काम आहे. वापराने झालेली झीज कोणत्याही मोटार विम्यात बसत नाही.

नव्या गाडीबाबत शोरूमने तुम्हाला जीएसटी 28 वरून 18 टक्के झाल्याचे सांगितले असणार. ते खरे आहे, 22 सप्टेंबर 2025 पासून छोट्या गाड्यांवर तो लागू आहे, पण त्याच दिवसापासून सुट्या भागांवरचा करही 18 टक्क्यांवर आला आहे, हे शोरूममध्ये कोणी सांगत नाही. सात लाखांचे कर्ज साडेनऊ टक्क्यांनी सात वर्षांसाठी घेतले तर ईएमआय सुमारे 11,400 आणि एकूण व्याज दोन लाख साठ हजार होते. गाडीची नोंदणी 2029 पर्यंत वैध आहे. सतरा हजारांत ती तोवर नीट चालण्याची शक्यता चांगली असताना आज सात लाखांचे कर्ज डोक्यावर घेण्याचे कारण मला दिसत नाही.

आता तुमच्या पत्रातल्या त्या वाक्याकडे वळतो, जे तुम्ही जाता जाता लिहिले आहे. खात्यात लाखभर रुपये असताना चाकाच्या दुरुस्तीला आठ हजार निघत नाहीत, कारण ते पैसे विम्याच्या हप्त्यासाठी आहेत, असे तुम्ही म्हणता. तुमची खरी अडचण हा हप्ता आहे, आणि ती बुशपेक्षा कितीतरी मोठी आहे.

2024 च्या सुरुवातीला बँकेतल्या अधिकाऱ्याने "एफडीसारखीच आहे, वर विमा आणि करबचत" असे सांगून ही पॉलिसी दिली. दहा वर्षे 96,000 भरायचे आणि विसाव्या वर्षी वीस लाख मिळतील, असे तुम्ही समजून आहात. तुम्ही पाठवलेल्या कागदांत दोन रकाने आहेत. वीस लाख हा आकडा 8 टक्के परतावा गृहीत धरलेल्या रकान्यातला आहे. शेजारच्या 4 टक्क्यांच्या रकान्यात तेरा लाख लिहिले आहेत, आणि दोन्हींपैकी कशाचीही हमी नाही, असे खाली छापलेले आहे. समजा, वीस लाख मिळालेच, तरी एकूण 9 लाख 60 हजार भरून मिळणारा परतावा वर्षाला पावणेपाच टक्के पडतो. तेरा लाख मिळाले तर तो दोन टक्क्यांवर येतो. गेली काही वर्षे 7.1 टक्के दर असलेल्या पीपीएफमध्ये हेच पैसे याच क्रमाने गेले असते आणि दर तसाच राहिला असता, तर विसाव्या वर्षी अठ्ठावीस लाख झाले असते. याला एफडीसारखे म्हणून विकणे ही फसवणूक आहे, आणि ती पगारदार माणसाच्या घरखर्चातून वसूल केली जाते, याची मला मनापासून चीड येते.

मागच्या वर्षीचा हप्ता कार्डावर घेतल्यामुळे तुम्ही पंधरा टक्क्यांनी कर्ज काढून, फार तर पावणेपाच टक्के देणाऱ्या ठिकाणी पैसे ठेवलेत. महिन्याला 8,700 असे बारा हप्ते, त्यात साधारण आठ हजार व्याज, त्या व्याजावरचा जीएसटी आणि प्रक्रिया शुल्क मिळून नऊ-दहा हजार गेले. दोन्ही लोअर आर्म अलाइनमेंटसकट बसवून वर पैसे उरले असते, एवढी ही रक्कम आहे.

करबचतीचा मुद्दाही टिकत नाही. तुमच्या पगाराचे वार्षिक उत्पन्न बारा लाखांच्या बरेच खाली आहे. 2025-26 पासून नव्या करप्रणालीत पगारदाराला पावणेतेरा लाखांपर्यंत कर लागत नाही, म्हणून तुम्हाला या पॉलिसीवाचूनही कर शून्यच आहे.

राहिला विमा. पॉलिसीतील विमा रक्कम 9 लाख 60 हजार आहे. तुमच्या घराचा वर्षाचा खर्च पाच लाख चाळीस हजार, म्हणजे उद्या तुम्ही नसलात तर पत्नी, दोन मुले आणि आईचे घर पावणेदोन वर्षे चालेल, आणि तेव्हा धाकटे मूल आठ वर्षांचेही नसेल. हे लिहिणे मला जड जाते, पण ते न लिहिता तुम्हाला फक्त बुशविषयी सल्ला देणे अप्रामाणिकपणाचे ठरेल. एक कोटीचा साधा मुदत विमा साठाव्या वर्षापर्यंत घेतला तर तब्येत आणि सवयी ठीक असलेल्या तुमच्या वयाच्या माणसाला वर्षाला पंधरा ते वीस हजार पडतील. सप्टेंबर 2025 पासून वैयक्तिक आयुर्विम्यावर जीएसटीही नाही. त्यात शेवटी काही परत मिळत नाही, आणि तो स्वस्त असण्याचे कारणही तेच आहे. "पैसे परत मिळणारा" मुदत विमा कोणी दाखवला तर तो घेऊ नका.

मग जुन्या पॉलिसीचे काय करायचे? भरलेले एक लाख ब्याण्णव हजार विसरून पुढचा हिशेब केला पाहिजे, आणि तो तुमच्या बाजूने जितका गैरसोयीचा आहे तितकाच सांगतो. दोन वर्षे भरलेल्या तुमच्या पॉलिसीला कर वगळून भरलेल्या हप्त्यांच्या किमान 30 टक्के सरेंडर मूल्य (पॉलिसी मुदतीआधी मोडल्यास मिळणारी रक्कम) आहे, म्हणजे 57,000 च्या आसपास. सुमारे एक लाख पस्तीस हजारांचे नुकसान आज दिसेल. पण पुढचे आठ हप्ते भरत राहिलात, तर आता सोडलेले 57,000 धरून पुढच्या अठरा वर्षांचा परतावा चांगल्या रकान्यात सहा टक्के, वाईट रकान्यात तीन टक्के येतो. हेच पैसे पीपीएफमध्ये आजच्या दराने तेवीस लाख होतात. मधल्या काळात गरज पडली तर हप्ता चुकवण्याची मोकळीकही तुमच्याकडे राहते, वर्षाला 500 रुपये भरले तरी खाते चालू राहते. सरेंडर न करता पॉलिसी पेड-अप करून, म्हणजे पुढचे हप्ते न भरता कमी विमा रकमेवर चालू ठेवली तर अठरा वर्षांनी विमा रकमेचा दोन दशांश भाग, म्हणजे एक लाख ब्याण्णव हजार मिळतील. ते 57,000 पीपीएफमध्ये ठेवले तर तेवढ्याच काळात दोन लाखांच्या घरात जातात. म्हणजे या दोन पर्यायांत पैशाचा फरक जवळजवळ नाही. तुमच्याकडे आणीबाणीसाठी काहीच राखलेले नसल्यामुळे मी सरेंडरकडे झुकतो.

क्रम मात्र चुकवू नका. आधी मुदत विम्याचा अर्ज करा, वैद्यकीय तपासणी होऊ द्या, धूम्रपान किंवा जुना आजार असेल तर तो लपवू नका, आणि नवी पॉलिसी हातात आल्यावरच जुनीचे सरेंडर करा. वार्षिक हप्त्याला तीस दिवसांची सवलत असते, त्या काळात जुने संरक्षण चालू राहते. त्याच काळात विमा कंपनीकडून सरेंडर मूल्य लेखी मागवा. खात्यातून हप्ता आपोआप कापला जाण्याची मंजुरी दिलेली असेल तर देय तारखेच्या आठवडाभर आधी बँकेत जाऊन ती रद्द करा आणि पोच घ्या, नाहीतर पैसे कापले गेल्यावर ते परत मिळवण्यात महिने जातील.

"एफडीसारखीच" हा शब्द त्या अधिकाऱ्याने तुम्हाला मोबाइलवर लिहून पाठवला होता, तो संदेश जपून ठेवा. विमा कंपनीच्या तक्रार विभागाला तो जोडून लिहा. तीस दिवसांत समाधान झाले नाही तर विमा लोकपालांच्या पुणे कार्यालयात तक्रार करता येते, त्याला शुल्क नाही आणि वकिलाची गरज नाही. भरलेली सगळी रक्कम परत मिळेलच असे मी म्हणणार नाही. तक्रार करायची ठरवलीत तर निकाल लागेपर्यंत सरेंडर थांबवा आणि पॉलिसी पेड-अप स्थितीत राहू द्या.

आता आकडे पुन्हा मांडा. हप्त्याचे 96,000 खात्यातच राहिले, त्यात सरेंडरचे 57,000 आले. त्यातून आर्म, टायर आणि मुदत विम्याचा पहिला हप्ता मिळून पस्तीस हजार वजा केले की एक लाख अठरा हजार उरतात. हे अडीच महिन्यांच्या घरखर्चाएवढे आहेत. ते एफडीत ठेवा, साधी, हवी तेव्हा मोडता येईल अशी. कार्डाचा ईएमआय संपल्यावर पुढच्या महिन्यापासून तुमच्याकडे दरमहा सतरा हजार शिल्लक राहतील. त्यातले तीन हजार मुदत विमा आणि गाडीची देखभाल यांसाठी बाजूला काढा. आठ हजार सहा महिन्यांचा खर्च साठेपर्यंत आणीबाणीच्या निधीत टाका, आणि तो सुमारे दीड वर्षात भरला की हीच रक्कम पीपीएफ आणि निर्देशांक फंडाकडे वळवा. उरलेल्या सहा हजारांचे आवर्ती खाते तीन वर्षांसाठी उघडा. 2029 मध्ये नोंदणीची मुदत संपेल तेव्हा त्यात सव्वादोन लाखांहून थोडे जास्त जमलेले असेल, आणि तेव्हा गाडी घेतलीत तर कर्ज सात लाखांऐवजी पाच लाखांच्या आत आणि मुदत चार वर्षांची ठेवता येईल.

कळवणची पुढची फेरी दुरुस्ती आणि अलाइनमेंट झाल्यावरच करा. सरेंडर मूल्याचे पत्र आले आणि त्यातला आकडा 50,000 च्या खाली असेल तर सही करू नका. पेड-अपचा पर्याय तेव्हा उजवा ठरतो, म्हणून ते पत्र मला पाठवा, मी आकडे पुन्हा तपासून देईन.