ब्रिटिश अभिनेते पीट पोस्लथ्वेट यांचं काम पाहायला सुरुवात कुठून करावी?

'इन द नेम ऑफ द फादर' (1993) पासून. खोट्या आरोपात मुलाबरोबर तुरुंगात पडलेला जुझेप्पे कॉनलन त्यांनी इतक्या हळू आवाजात उभा केलाय की समोरच्या डॅनियल डे-लुइसवरून नजर आपोआप त्यांच्याकडे वळते. सहाय्यक अभिनेत्याचं ऑस्कर नामांकन याच भूमिकेचं.

मग 'ब्रास्ड ऑफ' (1996): बंद पडणाऱ्या कोळसा खाणीच्या बँडचा प्रमुख डॅनी. अल्बर्ट हॉलमध्ये तो ट्रॉफी नाकारतो, ते भाषण चुकवू नका.

पोस्लथ्वेट यांचा जन्म 1946, इंग्लंडमधल्या वॉरिंग्टनचा. आधी शिक्षक, मग ब्रिस्टल ओल्ड व्हिक या नाट्यशाळेत प्रशिक्षण आणि लिव्हरपूलच्या एव्हरीमन नाट्यगृहात रंगभूमी. चित्रपटातली मोठी ओळख मिळाली ती पंचेचाळिशी ओलांडल्यावर. 2008 मध्ये त्याच एव्हरीमनमध्ये परतून त्यांनी किंग लिअर केला. 2 जानेवारी 2011 रोजी कर्करोगाने गेले.